दोन भिंतींमधली ज्वारी

तात्या, तुमची ज्वारी रविवारी निघाली. तुम्ही असतात तर मी दारात पाऊल टाकायच्या आधी हेच विचारलं असतंत, म्हणून पहिल्यांदा तेवढं सांगून टाकते. उपटून, मुळांची माती झटकून, ओळीनं आडवी टाकली आहे. वाळली की कणसं खुडायची. पूर्वेकडच्या भिंतीलगत चिमण्यांनी बरीच खाल्ली, पण त्यांचं ते तुमच्या देखतच चालू होतं, त्याचं खापर माझ्यावर फोडू नका. बाकीचं सावकाश सांगते.

तुम्हाला जाऊन तीन आठवडे होत आले. ऑफिसात रजा मागताना साहेबांनी विचारलं, 'कोण होते ते तुमचे?' घरमालक म्हणावं तर तुमची खोली सोडून तीन वर्षं झाली. काका म्हणावं तर तुम्ही महाळुंग्याचे, मी लातूरकडची, आणि तुम्ही मला नावानं कधी हाक मारलीच नाहीत. सहा वर्षं तुमच्या चाळीत राहिले, मग इथली कंपनी सोडून माणच्या ऑफिसात नोकरी लागली म्हणून सांगवीला बिऱ्हाड केलं, तरी तुमच्यासाठी मी 'लातूर'च. 'ए लातूर, नळाला पानी आलंय.' 'लातूर, चा घेतीस का?' दहाव्याला कुणा पाहुण्यानं माझ्याबद्दल विचारलं, तेव्हा तुमचा संतोष म्हणाला, 'ह्या आमच्या पाच नंबरच्या खोलीतल्या ताई.' त्या खोलीत आता परभणीचा बालाजी राहतो. तो शेजारीच उभा होता आणि त्यालाही त्यात काही चुकीचं वाटलं नाही. मग मी काकींच्या मागोमाग मोरीवर जाऊन भांडी विसळत बसले.

आपली रान दाखवायची फेरी सुरू झाली ती काकींच्या शेंगोळीपायी. माणच्या ऑफिसात एकदा मी त्यांनी दिलेला डबा उघडला. हुलग्याच्या पिठाचे हातावर वळलेले वेढे, लसणाच्या झणझणीत रश्शात शिजलेले. एकीनं विचारलं, हा कुठला पास्ता? मला राग आला. राग आला की मी कामाला लागते, हे तुम्ही अनेकदा पाहिलंय. तिथल्या तिथं जाहीर करून टाकलं की येत्या रविवारी महाळुंग्याला चला, पीक दाखवते, भाजी दाखवते, चूल दाखवते आणि शेवटी हे जेवायला घालते. आठ जण तयार झाले. संध्याकाळी मी तीन पानांचा आराखडा घेऊन तुमच्याकडे आले. किती वाजता कुठं थांबायचं, कुठं काय बोलायचं, सगळं त्यात होतं. तुम्ही चष्मा लावून तिन्ही पानं वाचलीत आणि म्हणालात, 'ह्यात बघण्यासारखं काय हाय गं? दोन एकर रान आन दोन बाजूला कंपन्यांची भिताडं.'

तेवढंच तर होतं. पूर्वेला गाड्यांचे पार्ट बनवणाऱ्या कंपनीची भिंत, पश्चिमेला गोदामाची. दोन्हींच्या मधून जुनी पांद, जिच्यातून एके काळी बैलगाड्या जायच्या आणि आता ट्रकवाले आंघोळीपुरतं पाणी शोधत येतात. पांदीच्या टोकाला तुमचं रान, विहीर, गोठा, पत्र्याच्या शेडखाली काकींची चूल. मी त्या पहिल्या फेरीत बांधावरचे चौकोनी दगड दाखवून लोकांना सांगितलं की पूर्वीच्या लोकांनी हद्दीसाठी असे घडीव दगड लावले. एका बाईंनी त्यांचा फोटोही काढला. तुम्ही सगळ्यांसमोर काही बोलला नाहीत. माणसं गेल्यावर म्हणालात, 'आगं, ते काँक्रीटचं ठोकळं हायत. कंपनीचं बांधकाम चाललं व्हतं तवा तपासायला वतायचे आन टाकून द्यायचे. मी सायकलवरनं आणलं.' आणि मग पंधरा मिनिटं हसत होतात. पुढच्या प्रत्येक फेरीत तुम्ही त्या ठोकळ्यांपाशी थांबून माझ्याकडे बघायचात आणि म्हणायचात, 'हे लातूरकरांचं पूर्वज.'

धोतराचं मात्र मला आजही वाईट वाटतं. दुसऱ्या फेरीला मी तुम्हाला धोतर नेसायला लावलं, डोक्याला लग्नातला भाड्याचा फेटा. मला वाटलं, लोकांना शेतकरी दिसला पाहिजे. तुम्ही म्हणालात, 'मी जन्मात धोतर नेसलो न्हाई. बा नेसायचा. मी धाव्वी झालो आन प्यांट घातली ती घातली.' पण पोरीचा हट्ट म्हणून नेसलात. विहिरीपाशी ते सुटलं. तुम्ही एका हातानं सोगा धरून, दुसऱ्या हातानं हरभरा दाखवत उभे, आणि बाकीचे माना वळवून गोदामाची भिंत न्याहाळतायत. पुढच्या रविवारी तुम्ही तुमच्या नेहमीच्या पँटवर कंपनीचं निळं जाकीट घालून आलात, पायात सेफ्टी शूज, आणि मी काही बोलायच्या आत माणसांना एका रांगेत उभं करून सूचना द्यायला लागलात. 'बांधावरनं एकामागं एक चालायचं. विहिरीच्या कडंला फोटू न्हाई. बैलाच्या मागनं जायाचं न्हाई. कुनाला चक्कर आली तर लगीच सांगायचं, लाजायचं न्हाई.' अठ्ठावीस वर्षं कंपनीत दर पाळीला जे ऐकलं होतंत ते तुम्ही ज्वारीच्या कडेला उभं राहून म्हणून दाखवलंत. लोकांना फेरीतलं तेच सगळ्यात आवडायचं. माझ्या आराखड्यातलं कुणाला काही आठवत नसे.

आपली खरी भांडणं व्हायची ती पूर्वेच्या भिंतीपाशी. तिथं तुम्ही थांबायचात आणि साधेपणानं सांगायचात, 'ह्या भिताडाच्या आत आमचं सव्वादोन एकर हाय. भुईमूग घ्यायचो. कंपनी आली, जिमीन गेली, आन मी तितंच पत्रा दाबायच्या प्रेसवर लागलो. माझं मशीन बरूबर आंब्याच्या जागी व्हतं.' ऐकणाऱ्यांचे चेहरे पडायचे. कुणीतरी 'अरेरे' म्हणायचं. की तुम्ही लगेच, 'आरेरे कशाला? आंबा आंबाट व्हता. लोनच्याशिवाय कामाचा न्हवता.' मग कँटीनमध्ये गुरुवारच्या सुट्टीच्या आदल्या दिवशी काय गोड असायचं ते सांगत सुटायचात. मी चिडायचे. परतताना म्हणायचे, 'तात्या, लोकांना जरा हुरहूर लागू द्या की.' तुम्ही म्हणायचात, 'हुरहूर लावायची तर शिनेमाला ने. त्या प्रेसवर संतोष शिकला, ह्या खोल्या झाल्या, तुला ऱ्हायला मिळालं. मी रडलो तर खोटं व्हईल.'

एकदाच, फेरी नसताना, आपण दोघं पांदीतून येत होतो तेव्हा तुम्ही म्हणालात की पहिली चार वर्षं जेवणाच्या सुट्टीत तुम्ही कँटीनला जात नव्हतात. डबा घेऊन मशीनपाशीच बसायचात. सुपरवायझर ओरडायचा, मशीनजवळ खायला परवानगी नाही म्हणून. आंबट असला तरी सावली त्याचीच होती, असं म्हणालात आणि मग लगेच, 'हे फेरीत सांगू नगं.' मी कधी सांगितलं नाही. आज लिहिते आहे, रागावू नका. खोटं रडायचं नाही म्हणून तुम्ही खरंही गिळत होतात, हे मला त्या दिवशी कळलं, आणि तरी पुढच्या रविवारी मी त्याच भिंतीपाशी तुमच्याशी तसंच भांडले.

गेल्या हिवाळ्यापासून आपला वाद बदलला. तुमच्या डोक्यात इर्जिक शिरली. मला ती ऐकून ठाऊक होती, तुम्ही नीट समजावून सांगितलीत. एकाच्या रानात काम निघालं की सगळ्यांनी येऊन हात लावायचा, मजुरी नाही, जेवण घरधन्याचं. आणि उद्या त्यांच्याकडे काम निघालं की आपण जायचं. तुमच्या लहानपणी गावात होती, कंपन्या आल्यावर पाळ्या लागल्या आणि मोडली. तुमचं म्हणणं, फेरीला येणाऱ्यांनी आधी तासभर ज्वारीत वाकावं आणि मग जेवावं. 'बघून जेवनारा पाव्हणा. वाकून जेवनारा आपल्यातला.'

मी साफ नाही म्हटलं. लोक आठवडाभर खुर्चीत बसून कंबर आखडून घेतात, सुट्टीच्या दिवशी आणखी वाकायला कोण येईल? पुन्हा कुणी फिरकणार नाही. तुम्ही हेका सोडेनात, तेव्हा मी जरा वाकड्यातच शिरले. म्हटलं, 'आणि त्यांच्याकडे काम निघाल्यावर तुम्ही काय करायला जाणार? गॅलरीतल्या तुळशीला पाणी घालायला?' तुम्ही हसलात. मग थोड्या वेळानं, हसू ओसरल्यावर म्हणालात, 'बोलावलं तर जाईन की.'

खरं कारण मी तुम्हाला सांगितलं नव्हतं, आणि तुम्हाला ते ठाऊक असणार. आमच्याकडे लातूरला ज्वारी उपटायला मी सहावीपासून जात होते. तळहात सोलवटायचे, अंगभर कणसांची काटेरी कूस टोचायची, परीक्षा तोंडावर असायची. शिकून सुटायचं, एवढंच तेव्हा डोक्यात होतं, आणि मी सुटले. तीन हिवाळे तुमच्या शेतात माणसं आणली, पण टोपी घालून, हातात कागद धरून, बांधावरूनच बोलत राहिले. इर्जिक झाली असती तर मलाही वाकावं लागलं असतं. तुम्ही एकदा नुसतं म्हणाला होतात, 'तू बांधावरनं उतरत न्हाईस.' मी बूट नवीन असल्याचं कारण दिलं.

यंदा मी फेरीची जाहिरात तयार करून तुम्हाला फोनवर पाठवली. त्यात शिवार होतं, चूल होती, शेंगोळी होती, इर्जिक नव्हती. दोन दिवसांनी दुपारी तुमचा फोन आला. मी मीटिंगमध्ये होते. स्क्रीनवर 'तात्या महाळुंगे' दिसलं आणि वाटलं, झालं, पुन्हा तेच सुरू करणार. फोन पालथा ठेवला. संध्याकाळी करू म्हटलं, राहिलं. दुसऱ्या दिवशी राहिलं. तिसऱ्या दिवशी सकाळी संतोषचा फोन आला.

तुम्ही गेलात तेव्हा ज्वारी भरात उभी होती. तेरावा झाल्यावर संतोषनं मला बाजूला घेऊन सांगितलं की ट्रकच्या पार्किंगसाठी जागा शोधणारा एक माणूस दोनदा येऊन गेला आहे. ज्वारी निघाली की मुरूम टाकून सपाट करतो म्हणतो. 'ताई, मला तीन पाळ्या. आईचं गुडघं धरल्यात. कुनी बघायचं रान? तात्या व्हतं तवर ठीक व्हतं.' त्याच्या जागी मी असते तर हेच म्हणाले असते, म्हणून मला त्याच्यावर रागावताही येईना. मी फक्त विचारलं, शब्द दिलास का? म्हणाला, 'न्हाई आजून. रान मोकळं झाल्याव बघू म्हटलंय.'

म्हणजे ज्वारी काढली की रान मोकळं, आणि मोकळं झालं की मुरूम. नाही काढली तर दाणे गळून चिमण्यांना. तात्या, चार दिवस माझा जीव नुसता टांगणीला लागला होता. शेवटी काकींकडे गेले आणि म्हटलं, 'काकी, इर्जिक घालू या का? तात्यांच्या नावानं.' त्यांनी चुलीतली राख ओढून घेतली. मग म्हणाल्या, 'घाल. पर माणसं उपाशी जाता कामा न्हाईत. हुलगं दळून आण.'

मी कामाला लागले. फेरीला आलेल्या सगळ्यांना निरोप पाठवला. या वेळी खरं तेच लिहिलं, की दाखवायला काही नाही, तात्या गेले, ज्वारी उभी आहे, येऊन उपटायची आणि जेवायचं. चाळीतल्या बारा खोल्यांना सांगायचं काम बालाजीवर सोपवलं. रविवार ठरवला, सकाळी सात.

तुम्ही हे ऐकून कपाळावर हात माराल. सकाळी सातला नऊ जण हजर होते. माणच्या ऑफिसातली पाच पोरं-पोरी, सांगवीच्या आमच्या सोसायटीतल्या निवृत्त शिक्षिका आणि त्यांचे यजमान, आणखी दोघं. सगळ्यांच्या डोक्यावर टोप्या, हातात पाण्याच्या बाटल्या. एकालाही ज्वारी उपटता येत नव्हती. आणि चाळ रिकामी. संतोष नाही, बालाजी नाही, कुणीच नाही. मी काकींना म्हटलं, सगळे गेले कुठं? त्या माझ्याकडे बघतच राहिल्या. 'आगं बया, रैवार हाय न्हवं. समदी फष्ट शिफ्टला गेल्यात.'

सहा वर्षं मी त्या चाळीत गुरुवारच्या सुट्टीवर काढली. गुरुवारी धुणं, गुरुवारी बाजार, गुरुवारी केस धुवायचे. या पट्ट्यात निम्म्या कंपन्यांचा आठवडा गुरुवारी संपतो, हे इथलं शेंबडं पोरही सांगेल. तीन वर्षं माणच्या ऑफिसात रविवार मिळाला आणि माझ्या डोक्यातून गुरुवार साफ पुसला गेला. तोंड दाखवायला जागा नव्हती. नऊ माणसं माझ्याकडे बघतायत, दोन एकर ज्वारी उभी आहे, आणि ती कशी काढायची हे ठाऊक असलेलं तिथं एकच माणूस, ज्याचे गुडघे धरलेत. आणि दुसरी मी.

बूट काढले, ओढणी कमरेला बांधली आणि उतरले. पहिलं धाट ओढलं ते मधूनच मोडलं. शिक्षिकाबाई म्हणाल्या, 'असं करायचं का?' म्हटलं, नाही, थांबा. दुसरं बुडाशी धरलं, जरासं पिळून वर ओढलं, मुळांसकट आलं. पायावर आपटून माती झटकली. हाताला सगळं आठवत होतं, मलाच ठाऊक नव्हतं. मग एकेकाला शेजारी घेऊन दाखवत गेले. खाली वाका, वरून ओढू नका, कमरेनं नाही गुडघ्यानं वाका. अर्ध्या तासात पोरांचे तळहात लाल झाले. एकानं हात पुढं करून दाखवला तेव्हा काकी उठल्या, आत गेल्या आणि एक मोठी पिशवी घेऊन आल्या. तिच्यात हातमोजे होते, कंपनीत वापरतात तसले सुती, तळव्याला रबराचे ठिपके असलेले. नवे कोरे, पंधरा जोड.

'ह्यांनी आनून ठिवलं व्हतं,' काकी म्हणाल्या. 'शेरातल्या माणसांची हातं मऊ असत्यात म्हणले. किती माणसं येनार ते इचारायला तुला फोन लावला व्हता. तू कामात व्हतीस.'

तात्या, मी तुमच्याशी भांडायला लागू नये म्हणून तो फोन उचलला नव्हता. तुम्ही तर भांडण कधीच संपवून दुकानातून हातमोजे घेऊन आला होतात. मी पिशवी घेऊन ज्वारीत शिरले, जिथून कुणाला दिसणार नाही तिथं, आणि थोडा वेळ रडले. खोटं नव्हतं, तुम्हालाही चाललं असतं. मग बाहेर येऊन मोजे वाटले.

दुपारपर्यंत अर्धं रानही झालं नव्हतं. ऊन तापलं. शिक्षिकाबाईंचे यजमान गोठ्याच्या सावलीत बसले ते उठेनात. काकी शेंगोळी वळायला बसल्या, त्यांच्याबरोबर दोघी. उरलेल्यांनी ओळ धरून ठेवली होती, पण आज हे होत नाही, हे मला स्वच्छ दिसत होतं. मनाच्या एका कोपऱ्यात बरंही वाटत होतं. रान मोकळं झालं नाही तर मुरूम येणार नाही.

साडेतीन वाजून गेल्यावर कंपनीची बस पांदीच्या तोंडाशी थांबली. रोज ती चौकात थांबते. बालाजीनं ड्रायव्हरला सांगून पुढं आणली होती. निरोप दिला तेव्हा तो मला 'यायलोत' म्हणाला होता, ते पाळी सुटल्यावरच्या हिशेबानं. पुढं बालाजी, मागं चाळीतली पोरं, त्यांच्या मागं त्यांच्या लाइनवरची आणखी कुणी कुणी, मी ओळखतही नव्हते. सगळे युनिफॉर्ममध्ये, गळ्यात ओळखपत्रं, पायात सेफ्टी शूज. सगळ्यांत मागं संतोष. बालाजी रानाकडे बघून मला म्हणाला, 'काय ताई, सकाळधरनं एवढंच केलाव का? सरका बाजूला.' परभणी, नांदेड, बीड, सगळी एकदम वाकली. असा सपासप आवाज तुमच्या रानात बऱ्याच वर्षांत झाला नसेल. माणची पोरं थक्क होऊन बघत राहिली, मग त्यांच्या मागून माती झटकायला लागली. कुणीतरी गाणं धरलं, कुणीतरी त्याला गप्प बस म्हणालं. दिवस मावळायच्या आत दोन्ही भिंतींमधलं सगळं रान आडवं झालं.

मग आपण जेवलो. आपण म्हणते, कारण काकींनी एक ताट बांधावर वाढून ठेवलं होतं. पंगत रानातच, मोकळ्या झालेल्या मातीवर. शेंगोळी, बाजरीची भाकरी, हरभऱ्याची वाळवलेली भाजी, कांदा. नांदेडच्या एका पोरानं शेंगोळी पहिल्यांदा खाल्ली आणि चार वेळा मागून घेतली. माणच्या ऑफिसातला एक जण बालाजीला म्हणाला की आता आठवडाभर त्याला हात वर करता येणार नाही आणि शनिवारी तर घर बदलायचंय, चौथा मजला, लिफ्ट बंद. बालाजीनं तोंडातला घास गिळला. 'पत्ता टाक की. आम्ही चौघं यायलोत.' संतोष म्हणाला, 'टेम्पो माझ्या मित्राचा हाय. मी सांगतो त्याला.' त्या पोराला वाटलं गंमत करतायत. मी मान खाली घालून जेवत राहिले, कारण तुळशीला पाणी घालण्याचं माझं ते वाक्य मला तेव्हा फार जवळून ऐकू आलं.

रान मोकळं झालं होतं, तात्या. बसल्या जागेवरून एका भिंतीपासून दुसऱ्या भिंतीपर्यंत सगळं दिसत होतं, आणि ते किती सपाट आहे हेही. पार्किंगवाल्या माणसाला दुसऱ्याच दिवशी यायचं होतं. संतोष त्या रानाकडे बघत होता आणि मी संतोषकडे. विचारायचा धीर होईना. काकींनाही नसावा, त्या नुसत्या वाढत होत्या.

संतोषनं कंबर धरली, वाकडं तोंड केलं आणि मला विचारलं, 'ताई, रैवार कुनी ठरवला?'

'मी.'

'आठ तास लाइनवर उभं ऱ्हायचं आन परत हितं वाकायचं. मेलो की आमी.' त्यानं रश्शात भाकरी कुस्करली. 'पुढच्या साली बेस्तरवारी ठिवा.'

काकींचा हात पातेल्यावरच थांबला. मी हळूच विचारलं, 'कोणत्या गुरुवारी?'

तो वर न बघता म्हणाला, 'आवो, आदी पेरू तर द्या.'